हिश्श्याचा प्रश्न: सातारा-सांगलीच्या दुष्काळी पट्ट्यातले सिंचन आणि पुनर्वसन

१. एकाच खोऱ्याची दोन टोके

महाबळेश्वरच्या माथ्यावर वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. तिथून पूर्वेला शंभरेक किलोमीटरवर माण तालुक्यातले दहिवडी-म्हसवड लागते आणि पाऊस साडेचारशे-पाचशे मिलिमीटरवर येतो; तोही पडेल तेव्हा खरा. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतला हा पट्टा साताऱ्यातील माण-खटावपासून सांगलीतील आटपाडी, खानापूर, कडेगाव, तासगावचा पूर्व भाग, कवठे महांकाळ आणि जतपर्यंत पसरला आहे. माण, येरळा, अग्रणी, बोर या इथल्या नद्यांच्या पात्रात वर्षातले बहुतेक महिने वाळूच दिसते. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ याच माणदेशात घडते आणि दुष्काळाने गाव उठून जाते तिथे येऊन संपते. खानापूर-आटपाडीची माणसे सोने-चांदी गाळण्याच्या गलाई व्यवसायात देशभर पांगली, हजारो माणसे मुंबईच्या गिरण्यांत गेली. मागे राहिलेल्यांनी कोरडवाहू ज्वारी-बाजरी पेरली, शेळ्या-मेंढ्या राखल्या आणि टंचाईच्या साली खडी फोडली.

गेल्या तीस-चाळीस वर्षांत या पट्ट्यात कृष्णेचे पाणी पोहोचले. त्या बदलाची रूढ मांडणी सोपी आहे. पाणी नव्हते म्हणून दुष्काळ होता. शासनाने धरणे बांधली, पंप बसवले, कालवे खोदले. पाणी आले आणि दुष्काळ हटला. धरणात गावे बुडाली हे दुःखद खरे, पण तो वेगळा विषय. त्याची भरपाई पुनर्वसन खात्याने करायची. अशा मांडणीत सिंचन अभियंत्याकडे जाते आणि पुनर्वसन दयाबुद्धीकडे.

ही मांडणी उथळ आहे. धरण, पंप, कालवा आणि वसाहत मिळून शासनाने केलेली एकच मोठी कृती होते: जमीन आणि पाणी यांची नव्याने वाटणी. कोणाची जमीन गेली, कोणाची भिजली, भिजलेल्याने बुडालेल्याला काय दिले आणि पाण्याचा हिस्सा जमिनीवर ठरला की माणसांवर, या चार गोष्टींवर कोरडवाहू शेतीचे रूपांतर अवलंबून राहिले. सातारा-सांगलीत वाटणीचा हा नियम जिथे आधी ठरला तिथे बदल टिकला. जिथे ठरला नाही तिथे दुष्काळ एका घरातून उठून दुसऱ्या घरात गेला. पुढची मांडणी हे टप्प्याटप्प्याने दाखवते.

२. पाणी पूर्वेला कसे गेले

या भागात सरकारी सिंचन स्वातंत्र्यानंतर आले असे नाही. कराडजवळच्या खोडशी बंधाऱ्यावरून निघालेला कृष्णा कालवा १८६०च्या दशकातला आहे. १८७६-७८ च्या दुष्काळाच्या आगेमागे खटावात नेरचा तलाव झाला आणि माण नदीवर म्हसवडच्या अंगाला राजेवाडीचा तलाव झाला. पण कालवा नदीकाठालाच भिजवू शकत होता आणि तलाव पावसावर अवलंबून होते. ज्या वर्षी पाण्याची खरी गरज त्याच वर्षी ते कोरडे.

मूळ अडचण भूगोलात होती. पाणी साठवायच्या जागा सगळ्या पश्चिमेला: कृष्णेवर धोम (१३.५ टीएमसी, म्हणजे अब्ज घनफूट), वेण्णेवर कण्हेर, परळी खोऱ्यात उरमोडी, पाटणात तारळी, देशमुखवाडीला कोयना (१०५.२५ टीएमसी), शिराळ्यात चांदोलीला वारणा (३४.४० टीएमसी). तहानलेली जमीन पूर्वेला आणि उंचावर. पाणी उताराने तिकडे जाणे शक्यच नव्हते. ते उचलूनच न्यावे लागणार होते. काठावरच्या गावांनी हे आधीच ओळखले होते. वाळवा, पलूस, कराडच्या पट्ट्यात सहकारी उपसा योजना आणि साखर कारखाने हातात हात घालून वाढले. मात्र सहकारी संस्थेची ऐपत दोन-चार किलोमीटर पाइप टाकण्याची होती. घाटमाथा चढण्याची ताकद शासनाखेरीज कोणाकडेच नव्हती.

वसंतदादा पाटील मुख्यमंत्री असताना, १९८४ मध्ये, कृष्णा-कोयना उपसा सिंचन योजनेला मान्यता मिळाली. तिचे दोन भाग. ताकारीचे लाभक्षेत्र २७,४३० हेक्टर. म्हैसाळचे ८१,६९७ हेक्टर असून ते मिरजेच्या पूर्व भागापासून कवठे महांकाळ, जत आणि पुढे सांगोला-मंगळवेढ्यापर्यंत जाते. १९९६ मध्ये टेंभू योजना मंजूर झाली. कराडच्या प्रीतिसंगमाखाली टेंभूजवळ कृष्णेवर बराज, तिथून टप्प्याटप्प्याने २२ टीएमसी पाण्याचा उपसा आणि कडेगाव, खानापूर, आटपाडी, तासगाव, कवठे महांकाळ, सांगोल्यापर्यंत ८०,४७२ हेक्टरांचे लाभक्षेत्र. साताऱ्यात उरमोडीचे पाणी माण-खटावकडे वळवले गेले आणि जिहे-कठापूर योजनेने कृष्णेचे पाणी नेर व आंधळी तलावांत नेऊन सोडले. नेरचा दीडशे वर्षांपूर्वीचा दुष्काळी तलाव अशा रीतीने भरवशाचा झाला.

३. मुदतीची घाई

या कामांचा क्रम समजण्यासाठी बच्छावत लवाद लक्षात घ्यावा लागतो. कृष्णेच्या पाण्याचा वाटा ठरवताना लवादाने महाराष्ट्राला ५६० टीएमसी दिले आणि ३१ मे २००० नंतर निवाड्याचा फेरविचार होऊ शकेल असे म्हटले. त्या तारखेच्या आत आपल्या वाट्याचे पाणी अडवून दाखवले नाही तर ते हातचे जाईल, ही भीती राज्यात खोलवर बसली. १९९६ मध्ये महाराष्ट्र कृष्णा खोरे विकास महामंडळ स्थापन झाले, रोखे काढून पैसा उभा केला गेला आणि एकाच वेळी अनेक धरणांची कामे धरली गेली.

भीती निराधार नव्हती, पण तिने कामाचा क्रम उलटा केला. मुदत पाणी अडवण्याची होती. पाणी शेतात पोहोचवण्याची नव्हती आणि माणसांना वसवण्याची तर नव्हतीच. त्यामुळे भिंती आधी उभ्या राहिल्या. मुख्य कालवे अर्धे, पोटचाऱ्या कागदावर आणि धरणग्रस्त तात्पुरत्या पत्र्याच्या शेडमध्ये, असे चित्र अनेक ठिकाणी वर्षानुवर्षे राहिले. ‘आधी पुनर्वसन, मग धरण’ ही घोषणा १९७०च्या दशकापासून महाराष्ट्रात घुमत होती. बाबा आढाव, दत्ता देशमुख, नागनाथअण्णा नायकवडी यांच्यासारख्यांनी धरणग्रस्तांची संघटना बांधली होती. त्या रेट्यातून १९७६ चा पुनर्वसन कायदा आला, पुढे १९८६ चा आणि १९९९ चा. कायदा हाती होता. तारखेने तो मागे ढकलला.

४. जमीन रिकामी नव्हती

सिंचनाबरोबर वसाहत ही कल्पना जगात अनेक ठिकाणी राबवली गेली. पंजाबात १८८०च्या दशकापासून ब्रिटिशांनी कालव्यांवर वसाहती वसवल्या. लायलपूर त्यातूनच जन्मले. स्पेनमध्ये १९३९ मध्ये वसाहतींसाठी राष्ट्रीय संस्था स्थापन झाली आणि पुढच्या तीन दशकांत तिने भिजवलेल्या जमिनीवर शेकडो नवी गावे बांधली. पंजाबात कालव्याखालचे बरेचसे रान सरकारी पडीक होते. शासन ते आपल्या मर्जीने वाटू शकले. स्पेनमध्ये मोठ्या जमीनदाऱ्यांचा काही भाग घेता आला.

सातारा-सांगलीत असे रान नव्हते. माळाच्या प्रत्येक तुकड्यावर कोणाचे तरी नाव होते आणि त्या नावाखाली भाऊबंदांची आणखी चार. म्हणून महाराष्ट्राने वेगळा मार्ग काढला. लाभक्षेत्रात ज्याची जमीन ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त आहे, त्याने जास्तीचा काही भाग धरणग्रस्तासाठी द्यायचा. गावच्या बोलीत याला ‘स्लॅब’ म्हणतात. आठ एकरांचा स्लॅब की चार एकरांचा, यावर लाभक्षेत्रातल्या चावड्या तापल्या, मोर्चे निघाले, न्यायालयात दावे गेले. धरणग्रस्तानेही मिळालेल्या मोबदल्यातली ६५ टक्के रक्कम पर्यायी जमिनीसाठी भरायची आणि नव्या गावठाणात शासनाने रस्ता, शाळा, पिण्याचे पाणी, स्मशानभूमी अशा १८ नागरी सुविधा द्यायच्या, अशी ही व्यवस्था.

स्लॅबमागचे तत्त्व साधे आणि न्यायाचे आहे. धरणामुळे पूर्वेकडच्या दहा एकर माळाची किंमत काही पटींनी वाढते. ही वाढ मालकाच्या कष्टातून आलेली नसते. ती वरच्या खोऱ्यातल्या कोणाच्या तरी बुडालेल्या भातखाचरातून आलेली असते. तेव्हा वाढीतला थोडा हिस्सा त्या माणसाकडे परत जाणे हा हिशेब आहे, दया नव्हे. पुनर्वसन हा सिंचनाचाच भाग आहे, हे महाराष्ट्राच्या कायद्याने इतक्या स्पष्टपणे मान्य केले, याचे मोल कमी लेखू नये.

अंमलात मात्र दोन्ही बाजू दुखावल्या. लाभक्षेत्रातल्या शेतकऱ्याच्या सात-बारावर ‘पुनर्वसनासाठी राखीव’ असा शेरा पडला. त्याला जमीन विकता येईना, वाटणी करता येईना, बँक कर्ज देईना. पाणी येण्याआधी शेरा आला आणि काही ठिकाणी पाणी येईपर्यंत एक पिढी सरली. तिकडे धरणग्रस्ताला मिळालेली जमीन भोगवटादार वर्ग २ ची, म्हणजे हस्तांतरावर बंधन असलेली. त्यातही वाटपाचा आदेश हातात, पण ताबा मूळ मालकाकडे, ही गोष्ट सर्रास घडली. शेरे उठवा म्हणणारा आणि ताबा द्या म्हणणारा, दोघेही एकाच तहसील कचेरीच्या ओट्यावर बसलेले असत. दोघांमध्ये भांडण लागले. ज्या दिरंगाईने ते लावले तिचे नाव फारसे कोणी घेतले नाही.

वसाहतीत पाऊल टाकले की ही दिरंगाई डोळ्यांना दिसते. सरळ रेषेत आखलेले गल्ली-रस्ते, एकसारखे प्लॉट, मध्ये शाळेची खोली. मूळ गाव डोंगराच्या उतारावर वाड्यावाड्यांनी पसरलेले असते, इथे सगळे एका पातळीवर. वरच्या गावातून आणलेल्या ग्रामदेवतेच्या शिळा नव्या सिमेंटच्या चौथऱ्यावर बसवलेल्या. भात आणि नाचणी पिकवणाऱ्या हातांना इथे ज्वारीच्या काळ्या रानाचा वाफसा ओळखायला शिकावे लागते. पावसाचे चार महिने छपराखाली जळण साठवणाऱ्या बाईला इथे मार्चपासून घागरीची रांग शिकावी लागते. उरमोडीच्या धरणग्रस्तांतल्या काही कुटुंबांना माण-खटावच्या भागात जमिनी मिळाल्या. पाण्यासाठी घर सोडलेल्या माणसांना आपल्याच धरणाचे पाणी पूर्वेला येण्याची वाट बघावी लागली.

५. कोयना: लाभक्षेत्राविना धरण

सर्वांत मोठा अन्याय कोयनेत झाला आणि त्याचे कारणही वाटणीच्या नियमातच सापडते. कोयना धरणाचे काम १९५०च्या दशकात सुरू झाले. पाटण, जावळी आणि महाबळेश्वर या तीन तालुक्यांतली शंभराच्या आसपास गावे धरणाच्या शिवसागर जलाशयाच्या पोटात गेली किंवा उठली. तेव्हा पुनर्वसनाचा कायदा नव्हता. होता तो १८९४ चा भूसंपादन कायदा. तो जमिनीच्या मालकाला रोख मोबदला देऊन मोकळा होत असे. कूळ, मजूर, गायरानावर जगणारा यांची त्यात गणतीच नव्हती.

त्यात कोयना हा वीजप्रकल्प. वर्षाला ६७.५ टीएमसी पाणी सह्याद्रीच्या पोटातून पश्चिमेला सोडून वीज करायची, अशी त्याची रचना. टप्प्याटप्प्याने ही क्षमता १,९६० मेगावॉटपर्यंत गेली. वीजप्रकल्पाला भिजणारे लाभक्षेत्र नसते. लाभक्षेत्र नाही म्हणजे स्लॅब नाही आणि स्लॅब नाही म्हणजे देण्यासाठी जमीन नाही. कोयनेची वीज सगळ्या महाराष्ट्रात गेली, पण धरणग्रस्ताने आपला हिस्सा कोणाच्या बांधावर जाऊन मागायचा, हे ठरलेच नाही. कुटुंबे सोलापूर, सांगली, ठाणे, रायगडपर्यंत विखुरली; काही धरणाच्याच काठावर वर सरकून राहिली. त्या काठावरच्यांना पुढे १९८५ च्या कोयना अभयारण्याने आणि २०१० च्या सह्याद्री व्याघ्र प्रकल्पाने पुन्हा अडचणीत आणले.

रूढ मांडणी इथे पुरती कोसळते. धरणाच्या पायथ्यातून नदीत सोडलेले कोयनेचे पाणीच पुढे कराडला कृष्णेला मिळते आणि टेंभू, ताकारी, म्हैसाळच्या पंपांतून दुष्काळी पट्ट्यावर चढते. १९८४ च्या योजनेच्या नावातच कोयना आहे. धरणाला तीस-चाळीस वर्षांनी लाभक्षेत्र मिळाले, तेही दोन लाख हेक्टरांच्या घरातले. ते तयार झाल्यावर धरणग्रस्तांची जुनी यादी पुढे घेऊन त्यांचा हक्क त्या लाभक्षेत्राशी जोडता आला असता. तसे आपणहून झाले नाही. २०१८ मध्ये कोयनानगरला श्रमिक मुक्ती दल या संघटनेच्या झेंड्याखाली धरणग्रस्तांनी ठिय्या दिला, तेव्हा गावे उठवून साठ वर्षे होत आली होती आणि आंदोलकांत मूळ खातेदारांची नातवंडे होती. नुसती ‘पाणी आले’ एवढीच गोष्ट सांगणाऱ्याला ही माणसे दिसत नाहीत.

६. तीनशे मीटरचे गणित

पुनर्वसनाची बाजू बाजूला ठेवून केवळ सिंचन पाहिले, तरी वाटणीचा प्रश्न सुटत नाही. याला हिशेबाचा आधार आहे.

एक टीएमसी म्हणजे सुमारे २.८३ कोटी घनमीटर पाणी. ते शंभर मीटर उचलायचे तर पंप-मोटारीतली घट धरून साधारण एक कोटी युनिट वीज लागते. टेंभूहून खानापूरच्या घाटमाथ्यापर्यंतची चढण सुमारे तीनशे मीटरची. म्हणजे माथ्यावर पडणाऱ्या प्रत्येक घनमीटर पाण्यामागे सुमारे एक युनिट वीज खर्च होते. धोमच्या कालव्याने उताराने येणारे पाणी आणि हे पाणी दिसायला सारखे असले तरी खर्चाने फार वेगळे.

दुसरा हिशेब वाट्याचा. टेंभूचे २२ टीएमसी ८०,४७२ हेक्टरांत वाटले तर हेक्टरी सुमारे ७,७०० घनमीटर पाणी येते, म्हणजे एकरी तीन हजारांच्या आसपास. वाटेतली गळती आणि बाष्पीभवन यातून अजून वजा करायचे आहे. पाटाने भिजवलेला ऊस हेक्टरी वीस हजार घनमीटरच्या पुढे पाणी पितो. एक हेक्टर ऊस लागला की दोन-तीन हेक्टरांचा वाटा त्यात जिरतो. ठिबकवरचे डाळिंब किंवा द्राक्ष आपल्या हिश्श्यात बसते; रब्बी ज्वारीला दोन पाळ्या दिल्या तरी पाणी उरते. उसाला पुरेल एवढे पाणी या योजनेच्या आराखड्यात कधी नव्हतेच.

तरीही ऊस लागला, कारण हिस्सा ठरलेला नव्हता. कालव्याच्या तोंडाशी ज्याचे रान, त्याने आवर्तन सुटले की आधी दारे धरले. रात्री-अपरात्री बॅटरी आणि खोरे घेऊन तो उसाच्या सरीत उभा. पाटकरी ‘पुढच्याला सोडा’ म्हणतो आणि पाणी मात्र पुढे सरकत नाही. शेपटाकडच्या गावात आवर्तनाच्या अठराव्या-विसाव्या दिवशी पोटचारीत बोटभर धार येते, तोवर योजनेचे पंप बंद करायची तारीख आलेली असते. एकाच योजनेवर माथ्याच्या गावात साखर कारखान्याची तोड चालू आणि शेवटच्या गावात पिण्याला टँकर, असे चित्र यातून तयार होते. ते निसर्गाचे काम नाही. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी गेले, तेव्हाही जतच्या गावांत टँकर फिरत होते.

काठावरचे नुकसान वेगळ्या जातीचे आहे. वाळवा, पलूस, मिरज भागात वर्षानुवर्षे उसाला भरपूर पाणी दिल्याने रान पाणथळ झाले, क्षार वर आले. उन्हाळ्यात काळ्या मातीवर मिठासारखा पांढरा थर दिसतो. ती सुधारायला आता जमिनीखाली सच्छिद्र पाइप पुरावे लागतात. पूर्वेला पाणी कमी म्हणून जमीन मेली, पश्चिमेला जास्त म्हणून.

वीजबिलाचा इतिहास याच गणिताचा भाग. बिल थकायचे, वीज तुटायची, मग टंचाई निधीतून ते भरून योजना पुन्हा चालू व्हायच्या; म्हणजे दुष्काळ पडल्यावरच पंप हलायचा. शेवटी शासनाने ८१ टक्के वीजखर्च स्वतः सोसायचा आणि १९ टक्के पाणीपट्टीतून घ्यायचा, असा निर्णय झाला. तो योग्यच होता. डोंगर चढवलेल्या पाण्याचा पूर्ण खर्च कोरडवाहू शेतकरी भरू शकत नाही. पण या निर्णयाचा अर्थ पुरता उलगडला गेला नाही. ज्या पाण्याच्या वीजखर्चाचे शंभरातले ८१ रुपये सार्वजनिक तिजोरीतून जातात, त्यावर ‘माझ्या बांधावरून जाते म्हणून माझे’ हा दावा टिकत नाही. ते पाणी साऱ्यांचे. म्हणून त्याचा हिस्सा साऱ्यांत ठरला पाहिजे.

७. हिस्सा आधी ठरवणारे

ही कल्पना कागदी नाही. तिची बीजे याच पट्ट्यात आणि त्याच्या शेजारी पडली. १९७४ पासून विलासराव साळुंखे यांनी पुण्याच्या पुरंदर तालुक्यात नायगावला पाणी पंचायत चालवली. पाणी जमिनीवर न देता माणशी द्यायचे, भूमिहीनालाही द्यायचे आणि उसाला द्यायचे नाही, हे तिचे नियम.

१९८२ च्या गिरणी संपानंतर गावी परतलेल्या कामगारांतून खानापूर तालुक्यात मुक्ती संघर्ष चळवळ उभी राहिली. भारत पाटणकर तिचे नेते, आणि पाण्याचा शास्त्रीय विचार मांडणारे अभियंता के. आर. दाते तिच्या सोबत. येरळेच्या पात्रातली वाळू ठेकेदार नेत होते, तेव्हा बलवडी आणि तांदुळवाडीच्या लोकांनी विचारले की नदी आमची, मग वाळूचा पैसा आमच्या पाण्याला का नको? थोडी वाळू स्वतः विकून, श्रमदान करून त्यांनी बळीराजा स्मृती धरण बांधले. भिंत लहान होती. नियम मोठा होता. पाणी प्रत्येक कुटुंबाला समान, भूमिहीनालाही हिस्सा, आणि ऊस नाही. भूमिहीनाने पाण्याचे काय करायचे, या प्रश्नाचे उत्तर तिथल्या व्यवहाराजवळ आधीच होते. पाणी असलेला माणूस दुसऱ्याची जमीन वाट्याने करू शकतो, आणि आता तो रिकाम्या हाताने बोलणी करत नाही.

१९९३ मध्ये आटपाडीला पाणी संघर्ष परिषद भरली. वाळव्याचे नागनाथअण्णा नायकवडी, सांगोल्याचे गणपतराव देशमुख आणि भारत पाटणकर यांच्या पुढाकाराने तेरा दुष्काळी तालुके एका मागणीभोवती जमले आणि परिषद पुढे वर्षानुवर्षे भरत राहिली. टेंभूचे पाणी आटपाडीला आले ते या रेट्याने. पुढे आटपाडीत उघड्या पोटचाऱ्यांऐवजी बंद पाइपातून, शेताच्या जवळपर्यंत, समन्यायी वाटप करण्याची मागणी शासनाला मान्य करावी लागली. तिला ‘आटपाडी पॅटर्न’ हे नाव पडले. बंद पाइपाचे महत्त्व केवळ पाणी वाचवण्यात नाही. उघडी चारी कोणीही फोडू शकतो. पाइपाच्या तोंडाशी झडप आणि मोजमाप असते, म्हणून तिथे हिस्सा कागदावरून शेतात उतरतो.

८. घेतले जाणारे आक्षेप

पहिला आक्षेप नेहमीचा: आधी पाणी तर येऊ द्या, वाटणीचे नंतर पाहू. अनुभव नेमका उलटा आहे. पाणी येण्याआधी नियम करणे सोपे, कारण तेव्हा कोणाकडेच काही नसते. एकदा माथ्याला ऊस लागला, कारखान्याशी करार झाला, कर्ज निघाले की त्या शेतकऱ्याचे पाणी कमी करणे राजकीयदृष्ट्या जवळजवळ अशक्य होते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. शेतकरी ऊस हौसेने लावत नाही. त्याला कायद्याने ठरलेला दर आहे, तोड करणारी टोळी दारात येते, बाजारात नेऊन सडण्याची भीती नाही. डाळिंबाला तेल्या रोग, द्राक्षाला अवकाळी, कांद्याला कोसळणारा भाव. हे सगळे खरे आहे. म्हणून बंदीचा हुकूम पुरत नाही. पाण्याच्या हिश्श्याबरोबर कमी पाण्याच्या पिकांना भावाची हमी आणि प्रक्रिया यांची व्यवस्था लागते. तासगाव-कवठे महांकाळच्या बेदाण्याने ती होऊ शकते हे दाखवले आहे. पण उसाच्या हमीची किंमत शेपटाच्या गावाने मोजावी, हे या युक्तिवादातून निघत नाही.

तिसरा आक्षेप स्लॅबवर. जमिनी आधीच तुकड्यांच्या, त्यातून कापून देणे हा अन्याय. पिढ्यांच्या वाटण्यांनंतर कागदावरचे दहा एकर प्रत्यक्षात तीन भावांचे असतात, ही तक्रार रास्त आहे. तिचा उपाय प्रत्यक्ष वहिवाट पाहून मर्यादा ठरवणे आणि पाणी पोहोचल्यानंतरच जमीन घेणे हा आहे. तत्त्वच सोडून द्यायचे म्हटले तर लाभ पूर्वेला आणि तोटा पश्चिमेला, हे कायमचे मान्य करावे लागेल.

चौथा आक्षेप पाणलोटाच्या बाजूने येतो. इतकी वीज जाळून नदी उचलण्यापेक्षा गावात पडणारा पाऊस गावातच जिरवावा. २०१६ पासूनच्या वॉटर कप या जलसंधारण स्पर्धेत कोरेगाव, माण, खटाव, आटपाडी, जतच्या गावांनी उन्हात राबून हे करून दाखवले आणि त्याने विहिरींना पाणी वाढले. मात्र साडेचारशे मिलिमीटर पावसाच्या प्रदेशात सलग दोन वर्षे पाऊस हुकला तर बांध रिकामेच राहतात. दाते यांची मांडणी या वादात अजूनही उपयोगी आहे: पाया गावच्या पाण्याचा असावा आणि बाहेरून उचललेले थोडे पाणी तुटीच्या वेळचा आधार म्हणून जोडावे. या रीतीने हेक्टरी ७,७०० घनमीटरही भरपूर होते आणि वीजही वाचते.

९. जतचा पूर्व भाग

या सगळ्याची पुढची कसोटी जत तालुक्यात आहे. म्हैसाळ योजनेच्या मूळ आराखड्याबाहेर राहिलेल्या जतच्या पूर्व भागातील गावांनी पाण्यासाठी कर्नाटकात जाण्याचा ठराव केला होता. नोव्हेंबर २०२२ मध्ये कर्नाटकचे तत्कालीन मुख्यमंत्री बसवराज बोम्मई यांनी त्या जुन्या ठरावाचा हवाला देत चाळीस गावांवर दावा सांगितला आणि महाराष्ट्रात खळबळ उडाली. सीमेपलीकडच्या तुबची-बबलेश्वर योजनेचे पाणी जवळून जात असताना आपल्या बाजूला कोरडे राहण्याचे दुःख त्या गावांना होते. त्यानंतर म्हैसाळच्या विस्तारित योजनेला वेग आला; ६५ गावांपर्यंत पाणी नेण्याचे काम हाती घेण्यात आले आहे.

जतला हे पाणी येईल ते योजनेच्या सर्वांत शेवटच्या टोकाला. वर मिरज आणि कवठे महांकाळची द्राक्षे आणि ऊस, त्यानंतर जतचा पश्चिम भाग आणि शेवटी ही गावे. तिथला हिस्सा वरच्या आवर्तनातून उरेल तेवढा ठेवायचा, की आधीच मोजून, बंद पाइपातून, कुटुंबागणिक बांधून द्यायचा, हे ठरवायला अजून वेळ आहे. ठरवण्याची वेळही हीच आहे, कारण त्या रानात अजून ऊस उभा राहिलेला नाही आणि कोणाचीही बागायत मोडावी लागणार नाही. त्याच लाभक्षेत्राच्या हिशेबात कोयना आणि वारणेच्या ज्या कुटुंबांना अजून जमिनीचा ताबा मिळालेला नाही, त्यांच्या याद्याही समोर घ्याव्या लागतील. लाभधारकांची यादी आणि धरणग्रस्तांची यादी एकाच टेबलावर ठेवून पाणी सोडण्याआधी दोन्ही पूर्ण करण्याची संधी या पट्ट्यात जतला मिळाली आहे.